वाटणीला आलेली भट्टी

गल्लीत त्याला सगळे खरपूस म्हणत. खरं नाव पोस्टमनला माहीत होतं आणि पुढे कोर्टाच्या बेलिफाला झालं, तेवढंच. पाव वरून चांगला तांबूस झाल्याशिवाय तो भट्टीबाहेर काढत नसे. गिऱ्हाइकं दारात ताटकळायची. कुणाला शाळा गाठायची असे, कुणाला कचेरी, पण हा आतून सांगायचा, "अजून रंग यायचाय." पांढुरका पाव विकणं त्याच्या लेखी अर्धवट शिवलेला सदरा विकण्यासारखं होतं.

भट्टी बापाची. बापाने ती स्वतः विटेवर वीट ठेवून बांधली होती आणि मरेपर्यंत गार होऊ दिली नव्हती. पुढे रस्त्याला लागून दुकान, मागे भट्टीची खोली, तिच्यामागे लाकडं रचायचं अंगण. वर एकाच जिन्यावर समोरासमोर दोन बिऱ्हाडं, एक खरपूसचं आणि एक त्याच्या धाकट्या भावाचं. शिवाय भट्टीच्या बरोब्बर वर एक लहानशी खोली होती. तिची फरशी बारा महिने कोमट असे. तिथे जायला भट्टीच्या खोलीतूनच एक अरुंद लाकडी शिडीवजा जिना होता. दोघांची थोरली बहीण माहेरी आली की त्या खोलीत मुक्काम ठोकायची. म्हणायची, सासरी मला सगळं मिळालं, पायाखालची ऊब तेवढी मिळाली नाही.

धाकट्याला घरात छोट्या म्हणत. त्याच्या मिशा पिकल्या तरी तो छोट्याच राहिला. तो पुढे दुकानात बसायचा. भट्टीतलं त्याला ओ की ठो कळत नव्हतं, पण माणसं कळायची. कुणाला कडेचा पाव आवडतो, कुणाच्या सासऱ्याला दात नाहीत म्हणून मऊ लागतो, कुणाशी आज हसून बोलायचं आणि कुणाशी नुसतं मान हलवून, हे त्याला बरोबर ठाऊक असायचं. खरपूस भाजायचा, छोट्या खपवायचा. बाप होता तोवर यात कुणाचं काम मोठं आणि कुणाचं लहान हा प्रश्न कुणाला पडला नाही.

बाप गेला तो मृत्युपत्र न करता. त्यानंतर वर्षभरात छोट्याने कारखान्यातले पुडीबंद पाव एका फळीवर मांडले. लोक मागतात, दारातून परत जातात, असं त्याचं म्हणणं होतं. खरपूस हात पुसत पुढे आला, फळीकडे बघितलं आणि गिऱ्हाइकांसमोर म्हणाला, "तू बस गल्ल्यावर. मालक तो, ज्याचे हात भाजलेत."

छोट्याने समोरच्या बाईंना त्यांचा पाव बांधून दिला, काउंटर पुसला, दुकानाचं शटर खाली ओढलं आणि निघून गेला. दुसऱ्या दिवशी तो दुकानात आला नाही. खरपूसने त्याला बोलावलं नाही. बायको म्हणाली, अहो, एक हाक मारा, समोरच तर दार आहे. तो म्हणाला, मी काय खोटं बोललो? महिना उलटला आणि बेलिफ वाटपाच्या दाव्याची नोटीस घेऊन आला. जिन्यात त्याने विचारलं, हे दोन्ही दरवाजे कुणाचे? खरपूसने एकच दार दाखवलं.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. हे दोघे शहाणेच होते, म्हणून तर कुणी मागे हटेना. दाव्यात बहिणीलाही पक्षकार करावं लागलं, कारण बापाच्या मागे तीन मुलं आणि तिघांचा हिस्सा सारखा. तिला खरं तर काही नको होतं. हक्क सोडल्याच्या कागदावर सही करायला ती तयार होती, पण दोन्ही भाऊ आपापला कागद घेऊन गेले, तेव्हा तिने दोन्ही कागद परत केले. "एक कागद घेऊन दोघं या," ती म्हणाली, "मग सही करते." एकटा एकटा आलेल्याला तिने चहा दिला, पण सही दिली नाही.

खटला चालू असताना बेकरी आधी लंगडली, मग बंदच पडली. छोट्या दुकानात बसायला तयार नव्हता, आणि त्याच्या जागी परका माणूस बसवायला खरपूसचं मन घेत नव्हतं. गिऱ्हाइकांशी बोलायचं कसं ते त्याला येत नव्हतं. एका सकाळी त्याने भट्टीतला विस्तव ओढून काढला आणि लोखंडी दार लावून घेतलं. त्या दिवशी वरच्या लहान खोलीची फरशी पहिल्यांदा गार झाली.

यथावकाश कोर्टाने वाटप मंजूर केलं. कोर्टाचा कमिशनर टेप घेऊन आला, घर मोजलं, नकाशा काढला. माणूस सरळ होता, कुणाची बाजू घेतली नाही. क्षेत्रफळ जुळवताना त्याने रस्त्याकडचं दुकान थोरल्याला दिलं आणि भट्टीची खोली अंगणासकट धाकट्याला. वरचं बिऱ्हाड ज्याचं त्याला, आणि बहिणीला भट्टीवरची लहान खोली नि कमी पडलेल्या हिश्शाची रक्कम. हिशेब चोख बसला. पण भाजणाऱ्याला मिळालं दुकान, विकणाऱ्याला मिळाली भट्टी, आणि बहिणीला अशी खोली की तिथे जायला धाकट्याच्या हद्दीतून जावं. न्याय झाला, पण त्याचा उपयोग कुणालाच नव्हता.

लहान पोरालाही सुचावं असा उपाय होता. भावांनी अदलाबदल करायची. खरपूसच्या वकीलबाईंनीही पहिल्याच बैठकीत तेच सांगितलं. त्या मोठ्या फटकळ होत्या. म्हणाल्या, अपिलात मला फी मिळेल, तुम्हाला काय मिळेल ते सांगता येत नाही. भावाशी बोला. खरपूस म्हणाला, मला न्याय हवाय. बाईंनी चष्मा काढून त्याच्याकडे बघितलं आणि कागद पुढे ओढले.

वरच्या कोर्टात अपील दाखल झालं. निकाल लागेपर्यंत मिळकत जैसे थे ठेवावी असा हुकूम झाला. म्हणजे कुणी काही पाडायचं नाही, बांधायचं नाही, विकायचं नाही, चालू करायचं नाही. कागदावर सगळं जैसे थे होतं. घर मात्र कागद वाचत नव्हतं. अंगणातल्या रचलेल्या लाकडांना वाळवी लागली. भट्टीच्या खोलीचं छप्पर गळायला लागलं आणि दुरुस्तीला हात लावला तर हुकूम मोडेल म्हणून दोघांनी ते गळू दिलं.

खरपूस एका मोठ्या हॉटेलच्या तळघरात पाव भाजायच्या नोकरीला लागला. तिथल्या भट्ट्या विजेच्या. यंत्राने शिट्टी वाजवली की पाव बाहेर काढायचे. रंग आला का, हे कुणी विचारत नव्हतं. छोट्या एका कापडाच्या दुकानात ठाण उघडून दाखवायला उभा राहू लागला. सकाळी दोघंही बाहेर पडण्याआधी दाराशी कान लावून जिन्यात पाऊल वाजतंय का ते ऐकायचे. वाजलं तर थांबायचे. बायका मात्र गच्चीवर कपडे वाळत घालताना हळूच बोलून घेत. नवऱ्यांचा विषय निघाला की दोघी बादल्या उचलून खाली यायच्या.

बहीण येत राहिली. वय झालं होतं, गुडघे बोलत होते, तरी जिना चढून आधी एका दारात जायची, मग दुसऱ्या. एकाच जिन्यावर दोन घरचा चहा प्यायची आणि म्हणायची, तुमच्या भांडणात माझं पित्त वाढलं. ती दर वेळी तेच सांगायची. अदलाबदल करा, खोलीचं मी बघेन.

खरपूस म्हणायचा, "त्यानं येऊन म्हणावं. दावा त्यानं लावला."

समोरच्या दारात छोट्या म्हणायचा, "दादानं विचारावं. बोलला तो."

इथंच घोडं पेंड खात होतं. भट्टी कुणाला हवी आणि दुकान कुणाला, यावर मतभेद असा नव्हताच. आधी तोंड कुणी उघडायचं एवढाच खटला होता, आणि तो कुठल्याच कोर्टात दाखल नव्हता. तारखा पडत गेल्या. कधी साहेब रजेवर, कधी वकिलांचा अर्ज, कधी वेळ अपुरा. कोर्टाच्या व्हरांड्यात दोघं एकाच लांब बाकाच्या दोन टोकांना बसायचे. मध्ये अनोळखी माणसं येऊन बसायची आणि उठून जायची.

मग थंडीत बहीण गेली. आजार छोटाच होता, पण तिला पुरला. तिला पोचवायला दोघंही गेले आणि स्मशानाच्या फाटकाच्या दोन बाजूंना उभे राहिले. परतताना घर तर एकच. खरपूस कोपऱ्यावरच्या दुकानाशी उगाच थांबला. छोट्या जिना चढून आत गेला असेल अशी खात्री झाल्यावर तो निघाला. त्या थांबण्याची त्याला पुढे कितीतरी वेळा आठवण झाली. बायकोला तो एकदा म्हणालाही, त्या दिवशी मी नुसता चालत राहिलो असतो तरी जिन्यात गाठ पडली असती.

थोड्या दिवसांनी वकीलबाईंचा निरोप आला. मयत पक्षकाराचे वारस मुदतीत रेकॉर्डवर आणायला हवेत, मृत्यूचा दाखला आणा. बहिणीला एकच मुलगी होती, शाळेत शिकवायची आणि नवऱ्यासह आईच्याच घरी राहायची. खरपूस संध्याकाळी तिच्याकडे गेला. सोबत फळं घेतली. ताकाला जाऊन भांडं लपवावं तसा बराच वेळ इकडचं तिकडचं बोलत बसला. हवा, शाळा, तिच्या नवऱ्याची नोकरी. भाची ऐकत होती. लहानपणी हीच त्याच्या पिठाळ खांद्यावर बसून भट्टी बघायची आणि "मामा, तू मला पण भाजशील का" विचारायची. शेवटी त्याने दाखल्याचं काढलं.

भाची उठली, कपाटातून दाखल्याची प्रत आणली आणि त्याच्यासमोर ठेवली. मग म्हणाली, "मामा, आई असताना तुम्ही या घरी शेवटचं कधी आला होता?"

तो आठवू लागला. तो सहीच्या कागदासाठी आला होता ती वेळ आठवली. त्यानंतरची आठवेना. आणि ती "तुम्ही" म्हणाली होती, हेही त्याच्या ध्यानात आलं. पूर्वी ती "तू" म्हणायची.

"आठवत नसेल तर राहू द्या," ती म्हणाली. "पण माझं नाव घालणार असाल तर एक ऐकून ठेवा. आईसारखं मला काही नको असं मी म्हणणार नाही. मला ती खोली हवी. आणि तिथं जायला कुणाची परवानगी लागणार नाही असा जिना हवा. आई दोघांची समजूत काढता काढता गेली. मी समजूत काढायला येणार नाही, हिस्सा मागायला येईन."

खरपूसला राग यायला हवा होता. वाटेत त्याने तो आणून पाहिला, पण आला नाही. दाखल्यावर बहिणीचं पूर्ण नाव छापलं होतं, आणि त्या नावाने तिला त्याने जन्मात कधी हाक मारली नव्हती.

पुढच्या तारखेला भाची आली, आणि बाकाच्या मधोमध जाऊन बसली. आत न्यायाधीशांनी नकाशा उलटसुलट करून पाहिला. या बाईंना खोलीत जायचं कसं, असं विचारलं. दोन्ही वकील नकाशावर बोट फिरवत राहिले. न्यायाधीश म्हणाले, हे प्रकरण माझ्यापेक्षा यांचं यांनाच जास्त चांगलं सोडवता येईल, आणि मध्यस्थीसाठी पाठवून दिलं.

मध्यस्थ निवृत्त न्यायाधीश होते. त्यांची खोली लहान. एक टेबल, सहा खुर्च्या, पाण्याचा जग, आणि खिडकीबाहेर वाहनतळ. त्यांनी वकिलांना बाहेर बसायला सांगितलं. टेबल एवढं लहान होतं की दोघा भावांचे गुडघे एकमेकांना लागत होते. आधी मध्यस्थ बोलले, मग भाचीने तिचं म्हणणं सांगितलं, तेच, तसंच. शेवटी मध्यस्थांनी छोट्याला विचारलं, तुमच्या वाट्याला भट्टी आली आहे, तुम्ही तिचं काय करणार?

छोट्या टेबलाकडे बघत म्हणाला, "मला भट्टी कधीच नको होती."

खरपूस पटकन बोलून गेला, "मग सांगितलं का नाहीस?"

इतक्या वर्षांत भावाशी बोललेलं ते पहिलं वाक्य. आणि तेही भांडणाचंच.

"तू विचारलं नाहीस, दादा." छोट्याचा आवाज चढला नव्हता. "तू म्हणालास, मालक तो ज्याचे हात भाजलेत. मी सकाळपासून दुकानात उभा राहायचो, माझे पाय सुजायचे. ते तुला दिसले नाहीत. मला वाटलं, निदान कोर्ट तरी म्हणेल की हाही मालक आहे."

"कोर्ट म्हणालं की."

"हो. म्हणालं." छोट्याने पाण्याचा पेला हातात घेतला आणि न पिता खाली ठेवला. "त्यानं काही झालं नाही."

मध्यस्थांनी खूप माणसं पाहिली असावीत. ते मध्ये पडले नाहीत. खरपूसला पुष्कळ बोलायचं होतं, पण त्याच्या तोंडून एवढंच आलं, "ताई हेच सांगत होती, अदलाबदल करा म्हणून."

"मलाही," छोट्या म्हणाला.

भाची खिडकीबाहेर बघत राहिली.

बाकी सगळं दुपारच्या जेवणाच्या सुट्टीआधी आटोपलं. दुकान धाकट्याचं, भट्टी आणि अंगण थोरल्याचं, लहान खोली भाचीची आणि तिला अंगणातून स्वतंत्र लोखंडी जिना. अंगणात यायला गल्लीकडून दार काढायचं. वकिलांनी आत येऊन अटी लिहून काढल्या. वकीलबाईंनी कागद खरपूसपुढे सरकवताना काहीच टोमणा मारला नाही. तो मारला असता तर बरं वाटलं असतं, असं तो पुढे म्हणायचा.

तडजोडीचा अर्ज कोर्टात वाचून दाखवला गेला. न्यायाधीशांनी नेहमीचा प्रश्न प्रत्येकाला विचारला. तडजोड राजीखुशीने करताय ना, कुणाचा दबाव नाही ना? भाची हो म्हणाली. छोट्या हो म्हणाला. खरपूस थांबला. शिरस्तेदाराने मान वर केली. वकीलबाई जवळ सरकल्या.

"नाही साहेब, दबाव कुणाचा नाही," तो म्हणाला. "फक्त उशीर झाला."

न्यायाधीशांनी सही केली आणि पुढचा पुकारा झाला. बाहेर व्हरांड्यात तिघं एकत्र उभे राहिले. कुणीतरी काहीतरी म्हणायला हवं होतं. छोट्या म्हणाला, मला कापडाच्या दुकानात परत जायचंय, अर्ध्या दिवसाचीच सुट्टी काढलीय. भाचीची शाळा होती. खरपूस एकटाच घरी आला.

भट्टीचं लोखंडी दार गंजून घट्ट बसलं होतं. ते उघडायला गवंड्याची पहार लागली. गवंड्याने आत डोकं घालून बघितलं आणि सांगितलं की घुमटाला तडा गेलाय, ओल मुरलीय, हे पाडून नवं बांधा. खरपूसने पाडू दिलं नाही. तडा बुजवला, छप्पर दुरुस्त केलं, आणि पुष्कळ दिवस अगदी मंद विस्तव ठेवून भट्टी वाळवत बसला. बायको बाजूला स्टुलावर बसायची. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, असं ती नवऱ्याबद्दल गल्लीत हसून सांगायची, पण आता त्याच्यात पीळही फारसा उरला नव्हता. लांब दांड्याचं फावडं उचललं की खांदा निखळल्यासारखा व्हायचा. पहिले पाव एका बाजूला करपले, दुसऱ्या बाजूला कच्चे निघाले. हळूहळू बरे निघू लागले. तरी भट्टीने पूर्वीसारखी धग धरली नाही, आणि गिऱ्हाईकही पूर्वीसारखं जमलं नाही. गल्लीतली पोरं पुडीतल्या पावावर वाढली होती. त्यांना खरपूस म्हणजे जळका वाटायचा. म्हातारी माणसं तेवढी यायची, मागच्या दाराने, थोडाच पाव घ्यायची आणि खूप वेळ बोलायची.

छोट्याने दुकान एका औषधवाल्याला भाड्याने दिलं. गुडघ्यांमुळे त्याला आता काउंटरमागे उभं राहणं जमण्यासारखं नव्हतं. भावांचं बोलणं सुरू झालं. पाणी आलं का, मीटरचं रीडिंग घ्यायला कुणी आलं होतं का, गच्चीची चावी तुझ्याकडे आहे का. दोन सभ्य भाडेकरू बोलतील तसं. जिन्यात गाठ पडली की दोघंही बाजूला होऊन एकमेकांना वाट द्यायचे, आणि मग दोघंही थांबून राहायचे. खरपूसला वाटे, एखादे दिवशी सगळं बोलून टाकावं. पण कुठून सुरुवात करायची ते कळत नसे. रोज थोडं थोडं बोलायचं राहून गेलं होतं, आणि ते आता एकदम बोलता येत नव्हतं.

पुढच्या वर्षी छोट्याच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झाली. त्याच्या बायकोला विसावा मिळावा म्हणून खरपूस एक दुपार इस्पितळात त्याच्याजवळ बसला. शेजारच्या खाटेवरच्या माणसाने विचारलं, हे तुमचे कोण? छोट्या म्हणाला, माझा दादा. खरपूसला ते ऐकून इतकं बरं वाटलं की काय करावं सुचेना. तो उठला, खाली कॅन्टीनमध्ये गेला आणि दोन चहा घेऊन आला. मुद्दाम जास्त साखर घालायला सांगितली होती. छोट्याला लहानपणी गोड चहा लागायचा, तळाशी उरलेली साखर तो बोटाने चाटायचा.

छोट्याने पेला हातात घेतला, ओठाला लावला आणि अलगद खाली ठेवला.

"मला साखर चालत नाही, दादा."

"कधीपासून?"

"झाली की बरीच वर्षं. अपिलात होतो तेव्हाच निघालं."

दोन बिऱ्हाडांच्या मध्ये एकच तर जिना होता. त्या जिन्यापलीकडे भावाचं दुखणं सुरू झालं होतं, औषधं आली होती, चहा बदलला होता. खरपूसने दुसरा पेलाही स्वतःकडे ओढला आणि खाटेशेजारच्या खुर्चीवर बसून दोन्ही चहा प्यायला. छोट्या ते बघत होता. मग त्याने हळूहळू सांगायला सुरुवात केली, कोणता डॉक्टर, कुठल्या गोळ्या, काय काय बंद करावं लागलं. खरपूस मध्ये मध्ये विचारत राहिला. नर्सने येऊन भेटीची वेळ संपली म्हणून सांगितलं, तेव्हा छोट्याचं जेमतेम पहिल्या वर्षाचं सांगून होत आलं होतं.